ब्रशचे केस वाढत नाहीत

लोक मला मागून काय म्हणतात ते मला चांगलं ठाऊक आहे. चौकशी खिडकी! म्हणेनात का. मी कपडे दुरुस्त करते, माझं शिवणयंत्र खिडकीला लागून आहे आणि खिडकीतून आमच्या इमारतीचा मागचा चौक दिसतो. आता डोळे मिटून शिवू की काय? सुई बोटात घुसेल त्याचं काय?

मी इथे नवीन राहायला आले तेव्हाची गोष्ट. चौकात एक नळ आहे, नळाला लागून दगडी कठडा. उन्हं उतरली की एक म्हातारे गृहस्थ एका हातात पत्र्याचा ट्रे आणि दुसऱ्या हातात तिपाई घेऊन यायचे. शर्टाला कडक इस्त्री, केस पाणी लावून मागे वळवलेले. तिपाईवर बसायचे, साबणाची वाटी काढायचे, तळहातावर फेस करायचे. मला वाटलं, घरात आरसा नाही वाटतं, म्हातारा चौकात दाढी करतोय. पण फेस काही गालाला लागेना! नुसता तळहातावर गोल गोल, गोल गोल, मग नळाखाली, मग परत गोल गोल. दोन-चार दिवस मी दम धरला. मग धरवेना. खिडकीतूनच विचारलं, "काका, दाढीला मुहूर्त कधीचा?"

त्यांनी वर पाहिलं, जरासुद्धा न चिडता. "दाढी सकाळीच झाली माझी. हे गिऱ्हाईक बायकोचं आहे."

आणि हातातला ब्रश उंच धरून दाखवला. रंगाचा ब्रश होता तो. चपटा, लांब दांड्याचा.

ते सलूनवाले काका. पलीकडच्या वळणावर आता जिथे मोबाइल दुरुस्त करतात, तिथे जन्मभर त्यांचं केस कापायचं दुकान होतं. काकू वरच्या मजल्यावरच्या मागच्या खोलीत तेलरंगाची चित्रं काढतात. माणसांची जास्त. आणि त्या दिवसभर जे ब्रश माखतात, ते संध्याकाळी काका धुतात. दुसऱ्या कोणाला हात लावू देत नाहीत. मी एकदा म्हटलं, द्या इकडे, चार मी धुते, तर म्हणाले, "तू तुझी बटणं लाव."

बघायला बसलं की मात्र वेळ कसा जायचा कळायचं नाही. आधी जुन्या बनियनच्या फडक्यानं ब्रश पुसायचे. गळ्याकडून टोकाकडे, कधीच उलटं नाही. केस आणि दांडा जोडणारी जी पत्र्याची पट्टी असते ना, तिला ते गळा म्हणतात. मग टर्पेंटाइनच्या बरणीत बुडवून हलकेच हलवायचे. "घासायचं नाही. गिऱ्हाइकाचं डोकं आहे, तव्याचं बूड नव्हे." बरणीतला रंग रात्रभरात खाली बसतो, वरचं नितळ टर्पेंटाइन ते दुसऱ्या बरणीत ओतून परत वापरतात, गाळ मोरीत टाकणाऱ्याला त्यांच्या राज्यात फाशीच. मग दाढीचा साबण. आणि पाणी गारच. एकदा कडाक्याच्या थंडीत मला दया आली, मी वरून कोमट पाण्याची बादली आणली, तर केवढ्यांदा ओरडले! ऊन पाण्यानं गळ्यातला डिंक सुटतो म्हणे, आणि केस गळतात. "माणसाचं टक्कल टोपीखाली जातं. ब्रशच्या टकलाला टोपी नाही."

फेस पांढरा निघेपर्यंत हे चालायचं. नुसता दिसायला पांढरा नव्हे; ब्रश चिमटीत दाबायचा, गळ्यातून रंगाचा एक थेंब जरी निघाला तरी परत पहिल्यापासून. गळ्यात रंग वाळला की केस फाकतात, आणि एकदा फाकले की कोणाच्या बापाचं ऐकत नाहीत. शेवटी बोटांनी टोक जुळवून प्रत्येक ब्रश टॉवेलवर आडवा ठेवायचा. ओला ब्रश बरणीत उभा केला तर पाणी गळ्यात उतरतं आणि दांडा फुगतो. "ओल्या डोक्यानं उभं झोपतं का कोणी?" असं विचारायचे मला. जसं काही मीच झोपले होते.

हे सगळं सुरू कसं झालं, ते मी त्यांच्याकडून हळूहळू काढून घेतलं. काढून घेणं मला जमतं.

लेक लग्न होऊन दूर गेली आणि काकूंना घर खायला उठलं. दुकानाची पाटी रंगवायला एक पाटीवाला यायचा, केसही तिथेच कापून घ्यायचा. काकूंनी त्याच्यापाशी बसून रंग कालवायला शिकून घेतलं. पाटीवाला अक्षरं काढायचा, ह्यांनी थेट तोंडं काढायला घेतली. हात चांगला होता बाईंचा. पण ब्रशांच्या बाबतीत आनंद! काम झालं की सगळे ब्रश टर्पेंटाइनच्या डब्यात, डोक्यावर उभे. एक दिवस काका जेवायला घरी आले, त्यांनी डब्यात डोकावलं, आणि जेवण राहिलं बाजूला. सगळे केस एका अंगाला वाकलेले, गळ्यात रंगाचे खडे. "जन्मभर मी केसांची सेवा केली," मला सांगताना अजून त्यांचा आवाज चढतो, "आणि माझ्याच घरात केसांचा असा छळ!"

त्यांनी ब्रश दुकानात नेले. भिजवले, चोळले, विंचरले. हो, विंचरले, बारीक फणीनं! सगळे माणसात आले. आणि मग, कौतुकानं बघता बघता, त्यांना एकाच्या टोकाला दोन-तीन केस बाहेर आलेले दिसले. आता केस कापणारा माणूस काय करेल? हातात कात्री होतीच. कच्. मग दुसऱ्या बाजूला उणं वाटलं, तिकडे कच्. असं करत करत एकसारखा, नीटनेटका, मिलिटरी कट केला आणि मोठ्या रुबाबात घरी नेऊन दाखवला.

तो काकूंचा सगळ्यात मऊ, अणकुचीदार ब्रश होता. डोळ्यांसाठीचा.

काकूंनी ब्रशचं टोक बोटावर फिरवून पाहिलं. मग म्हणाल्या, "अहो, ब्रशचे केस वाढतात का परत?"

काका म्हणतात, इतकी वर्षं कात्री चालवली, पण हा विचार कधी डोक्यातच आला नव्हता. कापलेलं परत वाढतं, ह्याच भरवशावर तर सगळा धंदा! पुढे बरेच दिवस घरात ताट-वाट्यांशिवाय कोणी बोलत नव्हतं. तो आखूड, थोटा ब्रश त्यांनी टाकला मात्र नाही. केस कापायचं मशीन झटकायला तो दुकानात ठेवला, आणि दुकान बंद झाल्यावर साबणाच्या वाटीत आला. घरी कोणी पाहुणा आला की काकू ही गोष्ट सांगणारच, आणि काका "झालं सुरू" म्हणत उठून जाणारच.

बरं, चित्र होईपर्यंत काकांना त्या खोलीत पाय टाकायची बंदी. तेही त्यांच्याच कर्मानं. सुरुवातीला ते काकूंच्या मागे उभे राहायचे आणि गिऱ्हाइकाच्या मागे उभं राहिल्यासारखे बोलायचे. "डावा कल्ला वर गेलाय बघ." "मानेवर जरा जास्तच राहिलेत." काकूंनी एक दिवस हाताला धरून बाहेर काढलं आणि कडी लावली. तेव्हापासून चित्र पुरं झालं की त्या बोलावतात, त्याआधी नाही.

मग बाहेर राहिलेला माणूस काय करणार? ब्रश वाचणार. संध्याकाळी एकेक ब्रश उजेडाकडे धरायचा, कोणता रंग, किती, टोकाला की पोटाला, आणि चित्रात काय असेल ते ताडायचं. मला सांगून ठेवायचे, मी साक्षीदार. एकदा महिनाभर काळा आणि तपकिरी रंग निघत होता, मोठ्या ब्रशांना. काका छातीठोक म्हणाले, "म्हैस आहे. तळ्यात बसलेली." कडी निघाली, बघतात तर त्यांची मेहुणी, सोफ्यावर! हे काकूंनी मेहुणीला सांगितलं. मेहुणीनं वर्षभर त्या घरची पायरी चढली नाही. काका म्हणतात, ब्रश वाचून मिळालेलं एवढं मोठं बक्षीस दुसरं नाही.

मलाही मग चटक लागली. संध्याकाळ झाली की मी वरून विचारायची, "काय काका, आज म्हैस की मेहुणी?" आणि ते काहीतरी फेकायचे.

आणि एका संध्याकाळी ते काहीच बोलले नाहीत.

मी परत विचारलं. त्यांनी वरही पाहिलं नाही. एक ब्रश घेऊन बसले होते, फिरवत, उजेडाला धरत, परत फिरवत. हे काही बरोबर नव्हतं. मी एक बादली उचलली, त्यात एक फडकं टाकलं, आणि भिजवायच्या निमित्तानं खाली उतरले.

"काय झालं?"

"काही नाही."

"काका, मी बादली घेऊन तीन मजले उतरलेय."

मग त्यांनी दाखवलं. चपटा ब्रश वापरून वापरून एका कोपऱ्यात झिजतो, आपल्या चपलेची टाच एका बाजूनं झिजते तसाच. काकूंच्या सगळ्या जुन्या ब्रशांचा उजवा कोपरा झिजलेला. हे दोन नवे घेतले होते, त्यांचा डावा झिजायला लागला होता. शिवाय दांड्यावर रंगाच्या बोटांचे ठसे. पूर्वी ते दांड्याच्या शेंड्याकडे असायचे, एक-दोन, पुसट. आता पार गळ्याशी, एकावर एक. मूठ आवळल्यासारखे. आणि गळ्यात रंग ठासून भरलेला.

"हात बदललाय," काका म्हणाले.

माझं डोकं कुठल्या कुठे पळालं. "म्हणजे दुसरंच कोणी रंगवतंय वर?"

"दुसरं कोण रंगवणार, वेडाबाई! तीच. डाव्या हातानं." आणि त्यांनी आपला उजवा हात माझ्यापुढे धरला. हात थरथरत होता. त्यांचा थरथरतोच, त्यामुळे तर दुकान बंद केलं. ब्रश चोळताना तो गोल फिरण्यात लपून जातो, म्हणून मला वरून कधी दिसला नव्हता. "तिच्याही उजव्याला हे लागलं असणार."

"मग विचारा की जाऊन! डॉक्टरला दाखवा."

"डॉक्टरला ती दाखवून आली असेल. तिनं मला सांगितलं नाही, म्हणजे मला कळू नये असं तिला वाटतंय." त्यांनी ब्रश फडक्यात गुंडाळला. "माझा हात हलायला लागला ना, तेव्हा मीही लपवलं होतं. घरी चहा घेताना भीती वाटायची, सांडेल म्हणून. तर कधीपासून कोण जाणे, माझा कप अर्धाच भरून यायला लागला. मला वाटलं दूध कमी असेल. पुष्कळ दिवसांनी लक्षात आलं, दूध कमी नव्हतं. तिनं एक शब्द काढला नाही गं, नुसता कप अर्धा केला. मी आता तिच्यापाशी तोंड उघडू? आणि तूही उघडायचं नाहीस. कळलं?"

मला! मला सांगताय हे? माझ्या पोटात तीळ भिजत नाही हे सगळ्या इमारतीला माहीत आहे. पण कबूल केलं, काय करणार.

गप्प राहायचं कबूल केलं होतं, बघायचं नाही असं थोडंच कबूल केलं होतं? दुसऱ्या दिवशी मी काकूंच्या दारात. म्हटलं, काकू, एप्रन फाटला असेल तर द्या, शिवून देते. त्यांनी दार अर्धंच उघडलं. डावा हात दाराला, उजवा एप्रनच्या खिशात. एप्रन काढून दिला तेव्हाही उजवा हात लगेच पाठीमागे गेला.

काका ब्रश वाचतात, तर मी काय आंधळी आहे? कापड मलाही वाचता येतं. खिसा वरून धड होता आणि आतून फाटला होता, खालच्या कोपऱ्यात, दाबून दाबून. हात घालून-काढून खिसा असा फाटत नाही. दिवसभर आत मूठ रोवून ठेवली तर फाटतो.

"काकू," मी म्हटलं, "हा खिसा मुठीनं फाटलाय."

त्या दारातल्या दारात खाली बसल्या. मीही बसले. त्या म्हणाल्या, "त्यांना सांगू नकोस."

घ्या! आता दोघांचं गुपित माझ्याच बोकांडी.

"डाव्यानं काढून बघितलं," काकू सांगत होत्या, "मोठं मोठं जमतं. बारीक काही जमत नाही. हे एक चित्र मनात होतं गं कधीपासून. एवढं झालं की झालं, म्हणत होते. आता अडलंय ते अडलंच आहे."

"मग ठेवा की थोडे दिवस बाजूला. विश्रांती घ्या."

"आणि ते?" काकू एकदम म्हणाल्या. "त्यांचं दुकान गेलं. कात्री गेली. आता संध्याकाळचं ते धुणं तेवढं उरलंय. ब्रश खाली गेले नाहीत तर संध्याकाळी काय करतील ते? तिपाईवर बसून नळाकडे बघतील? काही दिवस तर मी चित्राला हातही लावत नाही. नुसते ब्रश रंगात बुडवते, इकडेतिकडे माखवते आणि पाठवते खाली."

खरं सांगते, मला रडू फुटलं. एप्रन तोंडाला लावला तर त्यालाही टर्पेंटाइनचा वास. शिंका आल्या वर.

आता हे त्या भोळ्या बाईला कसं सांगू, की ज्याच्यासाठी हे सोंग चाललंय, तो केसांचा डॉक्टर आहे? त्याच संध्याकाळी काका नळावर बसले, मी शेजारी कठड्यावर; त्यांनी एक एक ब्रश पाहिला, आणि खालच्या आवाजात म्हणाले, "आज ह्या ब्रशांनी काही काम केलेलं नाही. नुसते बुडवलेत. कॅनव्हासला घासला की केसांची टोकं पसरतात. ही बघ, पसरलेली नाहीत. काल पण नव्हती." मग म्हणाले, "कशाला एवढा त्रास घेतेय? माझ्यासाठी?"

मी ओठ आतून चावून धरला होता. नाहीतर निघालंच असतं तोंडातून.

त्यांनी ते खोटे मळलेले ब्रश अगदी रोजच्यासारखे धुतले. पुसणं, बुडवणं, साबण, पांढरा फेस, चिमटी, सगळं. कुठे काटछाट केली नाही. मग साबणाच्या वाटीत हात घातला आणि तो थोटा ब्रश काढला. मिलिटरी कटवाला. त्याला चिकटलेला वाळका साबण खरवडून काढला, तोही धुतला, आणि बाकीच्यांच्या मधोमध टॉवेलवर आडवा ठेवला.

"हा कशाला?" मी विचारलं.

"लांब केसाचा ब्रश आणि हलणारा हात, दोन्ही एकदम नको. हात सुतभर हलला की टोक बोटभर हलतं. आखूड केस तेवढे हलत नाहीत. शेवटी शेवटी मी पण आखूड पात्याची कात्री वापरायचो." मग हसले. "आणि माझी ही जुनी चूक ती लगेच ओळखेल."

आता मला चैन पडेना. ओळखतील का? ओळखलं तर रागावतील का? ज्या ब्रशावरून इतकी वर्षं बोलणी खाल्ली, तोच पुढे करायचा म्हणजे आगीत तेल! दुसऱ्या दिवशी ट्रे खाली आला. थोटा ब्रश त्यात होता. स्वच्छ. जसा गेला तसा आला. काकांनी तरीही धुतला आणि परत ठेवला. त्याच्या दुसऱ्या दिवशी तसंच. मी एका गिऱ्हाइकाच्या पँटला चेन उलटी बसवली, इतकं माझं लक्ष उडालं होतं. काका मला काही सांगत नव्हते आणि मीही विचारत नव्हते. चौकशी खिडकी बंद! इमारतीतल्या लोकांना वाटलं मी आजारी आहे.

असे बरेच दिवस गेले. आणि एका संध्याकाळी काका ट्रे घेऊन आले, तिपाईवर बसले, आणि तिथूनच ओरडले, "अगं, खाली ये! आधी खाली ये!"

मी पायऱ्या उतरले की उडी मारली, मला आठवत नाही. त्यांनी थोटा ब्रश माझ्या नाकापुढे धरला. गळ्यापर्यंत माखलेला. अंगाचा रंग, त्यात थोडा तांबूस. टोकं पसरलेली, चांगली पसरलेली. आणि दांड्यावरचे ठसे उजव्या हाताचे.

"बघ किती घाणेरडा केलाय!" काका म्हणत होते. "बघ, बघ, किती घाण!" असा आनंद मी घाणीचा कधी पाहिला नव्हता.

तेवढ्यात वरची खिडकी उघडली. काकू वाकल्या. "अहो!"

काकांनी ब्रश पाठीमागे लपवला. का ते विचारू नका.

"राहू द्या ते धुणं. वर या."

"चित्र झालं?" काकांनी खालून विचारलं.

"नाही झालं. तरी या."

मला कोणी बोलावलं नव्हतं. पण आता मागे राहीन ती मी कसली!

खोलीत टर्पेंटाइनचा आणि जवसाच्या तेलाचा वास कोंदला होता. खिडकीशी कॅनव्हास. काकांचा आडाखा होता की धुक्यात मेंढ्या असणार, कारण महिनोन्महिने पांढरा आणि करडा निघत होता. मेंढ्या कुठल्या! दुकान होतं. त्यांचं दुकान. आरसा, आरशापुढची फळी, खुर्चीत पाठमोरं बसलेलं एक गिऱ्हाईक, खांद्यावर पांढरा टॉवेल, करडे केस. आणि कडेनं आत आलेला एक हात. नुसता हात, केस कापणाऱ्याचा, मनगटापर्यंत बाही. बाकी सगळं पुरं झालं होतं. हाताच्या जागी कोळशाच्या रेघा होत्या, पुसलेल्या, परत मारलेल्या, परत पुसलेल्या. आणि त्या रेघांवर ताज्या रंगाचा एक अंगठा. जाडसर होता, पण अंगठाच होता.

काका चित्राच्या पार जवळ गेले. मला वाटलं आता रडणार. तर म्हणाले, "मागची मान सारखी झालेली नाही ह्याची."

"तुम्हीच कापलीय ती," काकू म्हणाल्या.

काकांनी कोळशाच्या रेघांकडे बोट केलं. मग हळूच, "हात माझा आहे?"

"मग कोणाचा? त्याच्यापायीच तर सगळं अडलंय." काकूंनी उजवा हात एप्रनच्या खिशातून बाहेर काढला, सगळ्यांसमोर, आणि तसाच राहू दिला. थरथरत. "बोटं कशी असायची ते मला डोळ्यांपुढे आणता येत नाही. बसा इथे. कात्री धरल्यासारखा हात धरा."

काका स्टुलावर बसले. हात पुढे केला, दोन बोटं वाकवली, करंगळी बाहेर. जन्मभराची सवय, कात्री नसतानाही हवेत कात्री दिसली. पण हात हलायला लागला. त्यांनी दुसऱ्या हातानं मनगट धरून पाहिलं. तरी हलतोच.

"हलतोय गं," ते म्हणाले. इतके शरमून म्हणाले की मला खिडकीबाहेर बघावं लागलं.

"माझाही हलतोय," काकू म्हणाल्या, आणि त्यांनी पॅलेटवरून रंग उचलला. "दोघांचे बरोबर हलले तर कोणाला कळणार आहे? धरा नीट."

मी तिथून निघाले. मला! मला त्या दारातून आपण होऊन निघावंसं वाटलं, ह्यावरून काय ते समजा. जिना उतरताना डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि मी ते पुसतही नव्हते.

खाली चौकात आले तर नळावर ट्रे तसाच. साबणाची वाटी उघडी, फडकं पडलेलं, आणि ब्रश सगळे माखलेले, वाळायला लागलेले. काका विसरले होते. ब्रश! काका! मी तिपाईवर बसले, इकडेतिकडे पाहिलं, आणि एक उचलला. गळ्याकडून टोकाकडे पुसला. बरणीत बुडवला.

वर खिडकीत काका दिसले. हात तसाच पुढे धरलेला, मान तेवढी वळवलेली. "गार पाणी!" ते ओरडले. "आणि दाबून बघ, गळ्यात रंग राहतो!"

"माहितीये मला!" मी ओरडले. "तुम्ही हात धरा!"

मागून काकूंचा आवाज आला, "आणि टोकाला एखादा केस बाहेर दिसला तर कात्री लावू नकोस गं! तूही कात्रीवालीच!"